गाळलेली पानं

कारखान्यात तिला सगळ्या ‘रेडिओ’ म्हणत. काज-बटणाच्या खोलीत मशीन नाही, सगळं हातकाम. म्हणून बायकांनीच सोय लावून घेतली होती. रेडिओने मोठ्याने पुस्तक वाचायचं, तिच्या वाट्याचे शर्ट बाकीच्यांनी उरकायचे. दिवसभर वाचून घशाला कोरड पडायची. ‘‘घरी आली की हिची बॅटरी डाऊन,’’ नवरा चिडवायचा. खरंच होतं ते. घरी दोन शब्द बोलायचे म्हटलं तरी तिच्या जिवावर यायचं.

या वेळी बायकांनी हट्टाने युद्धावरची कादंबरी आणवली पण ती वाचायला रेडिओचं मन घेईना. समोरच्या बाकावर तिची थोरली जाऊ बसायची. युद्धात सैनिकांनी गल्लीतली पोरं ट्रकमध्ये भरून नेली, त्यात जाऊबाईंचा मोठा मुलगा गेला तो गेलाच. तेव्हापासून घरात त्या दिवसाचं नाव काढायची सोय नव्हती. जाऊबाई रडत नव्हत्या की भांडत नव्हत्या. नुसत्या झिजत चालल्या होत्या. बघवत नसे हो!

कादंबरीत ट्रक आला, तशी रेडिओने गुपचूप चार पानं उलटली आणि पुढचं सुरू केलं.

‘‘थांब,’’ जाऊबाई म्हणाल्या. ‘‘पोरगा आत्ता घरात होता. लगेच आई रडायला लागली? मधलं काय गिळलंस?’’

‘‘ताई, नको ना.’’

‘‘वाच. किती वर्षं झाकून ठेवायचं? दमले मी आता.’’

रेडिओने वाचलं. पुस्तकातली आई अनवाणी ट्रकमागे धावते, सैनिकाचे पाय धरते.

‘‘मी नाही धावले,’’ जाऊबाई म्हणाल्या. ‘‘धाकटा घरात होता. दार उघडलं असतं तर त्यालाही नेलं असतं. थोरला बाहेरून ‘आई, आई’ करत दार वाजवत होता आणि मी आतून कडी धरून उभी.’’

कुणाची सुई हलेना. रेडिओला वाटलं, जळलं मेलं ते पुस्तक! कशाला वाचलं आपण?

खिडकीजवळच्या म्हातारीने आजवर युद्धाबद्दल चकार शब्द काढला नव्हता. ती म्हणाली, ‘‘मीपण लावली होती कडी.’’

जाऊबाईंनी मान वर केली. ‘‘मग ट्रक गेल्यावर तरी उघडवली का हो, मावशी, तुमच्याच्यानं?’’

‘‘नाही गं. लेकीने उघडली.’’

हातातला शर्ट तोंडावर दाबून जाऊबाई ढसाढसा रडू लागल्या. रेडिओ घाबरून उठली, तर म्हातारीने तिला हाताने खाली बसवलं.

‘‘रडू दे तिला,’’ ती म्हणाली. ‘‘माझंही रडायचं राहिलंय.’’