शिंप्याकडे राहिलेला कोट

गेल्या महिन्यात वारलेल्या कवीची मापं शिंप्याला तोंडपाठ होती. माणूस मात्र फारसा ठाऊक नव्हता. पाणीखात्यात कारकून, आणि कविता साऱ्या ज्यांच्याशी तीस वर्षं संसार केला त्या मास्तरांवर, एवढंच.

मास्तर आधी गेले. त्यांच्या भावाने घर रिकामं केलं आणि कवीला ‘भाडेकरू’ म्हणून वाटेला लावलं. मास्तरांचा कोट तेवढा अस्तर बदलायला शिंप्याकडे होता. भाऊ तोही मागायला आला. ‘उद्या देतो’ सोडून शिंपी कधी खोटं बोलला नव्हता. तो म्हणाला, “कोट केव्हाच नेला की मास्तरांनी.”

त्याच संध्याकाळी कवी शेवटचा दुकानात आला. कोट घातला, तर बोटं बाहीत बुडाली.

“बाह्या आखूड करतो, साहेब.”

“नको. त्याच्याच मापाच्या राहू द्या.”

“बटणं तरी घट्ट करतो. बसा.”

“बसतो.”