तातेरावांच्या कार्डावरचा बोलका उंदीर

राजूरला गणपतीच्या देवळाकडे जाताना नारळ-पेढ्यांच्या दुकानांची रांग जिथं संपते, तिथं तातेरावांची पत्र्याची टपरी आहे. पुढं काचेचा काउंटर, त्यात चार्जर, इयरफोन, टॅबची कव्हरं. मागं वरच्या फळीवर, जुन्या धोतराच्या फडक्यात गुंडाळलेला एक ॲम्प्लिफायर. तो विकायचा नाही. कुणी भाव विचारलाच, तर तातेराव असं बघतात, जणू त्या माणसानं घरातल्या वडीलधाऱ्याची किंमत विचारली.

तीस वर्षं हा माणूस नाटकांच्या आणि जत्रांच्या मांडवात माइक लावत हिंडला. काय ते दिवस होते! कंपनीचा ट्रक गावात शिरायचा, पडद्यांच्या वळकट्या खाली यायच्या, आणि कुणाच्या तोंडाला रंग लागायच्या आधी साऱ्या गावाला तातेरावांचा आवाज ऐकू यायचा, "हॅलो, हॅलो, मायबाप रसिक हो!" नायकाला ताप आला तरी खेळ होत असे. तातेरावांना ताप आला की मालक खेळ पुढं ढकलायचा.

एकदा अंबडकडच्या एका गावात, दुसऱ्या अंकाच्या आधी, विंगेतला माइक चालूच राहिला. उषाबाई म्हणून नायिकेचं काम करायच्या. त्या तिथंच उभ्या राहून मैत्रिणीला घरचं दुखणं सांगत होत्या, हळू आवाजात, डोळे पुसत. ती कुजबूज चार कर्ण्यांतून हजार माणसांच्या कानावर गेली. आधी मांडव गप्प झाला. मग कुणीतरी हसलं. उषाबाईंनी उरलेले दोन अंक खणखणीत केले, तोंड धुतलं आणि त्या पुन्हा कधी रंगमंचावर उभ्या राहिल्या नाहीत. ॲम्प्लिफायरवर माइकच्या खटक्याशेजारी बारकासा लाल दिवा होता. तो पेटलेला होता. तातेराव चहाला गेले होते.

तेव्हापासून त्यांना दिवा दोनदा बघायची सवय लागली. एकदा खटका दाबून, आणि एकदा चार पावलं गेल्यावर मागं वळून.

नाटकं थांबली, ट्रक विकला गेला, आणि तातेराव राजूरला येऊन मेमरी कार्डात गाणी भरून देऊ लागले. गाण्यांचे दिवस सरले तसे स्वस्त टॅब आले. आसपासच्या वाड्या-वस्त्यांतले लोक चतुर्थीला दर्शनाला येताना पिशवीतून टॅब आणत. त्या टॅबात नेहमीचं ॲप स्टोअर नसायचं. कंपनीनं आपलंच एक छोटंसं स्टोअर बसवलेलं, त्यात मोजके खेळ, तेही कुठल्या भाषेतले देव जाणे. लोकांना पाहिजे असलेला खेळ त्यात कधीच सापडत नसे. मग तातेराव आपल्या कार्डावरून खेळ टाकून देत. टॅब आधी धोक्याची सूचना दाखवी, की हे ॲप अनोळखी ठिकाणाहून आलेलं आहे. तातेराव हसून म्हणत, "अनोळखी कुठलं? माझ्या डबीतलं हाय."

तंबाखूच्या रिकाम्या डबीत ते कार्ड असे, आणि त्या कार्डाला एक नियम होता. नवा खेळ आला की तातेराव तो आधी स्वतःच्या टॅबवर आठ दिवस ठेवत. बिघाड करतो का, भलत्या जाहिराती दाखवतो का, बघत. "आठ दिवस आपल्या घरात नांदला, तरच दुसऱ्याच्या घरात द्यायचा." हे सगळ्या पंचक्रोशीला माहीत होतं. म्हणून बायका दुसऱ्या दुकानात जात नसत.

तो नियम त्यांनी एकदाच मोडला.

चतुर्थीच्या आदल्या दिवशी मोटारसायकलवरून एक हसतमुख तरुण आला. सदरा इस्त्रीचा, बोलणं लोण्यासारखं. म्हणाला, "काका, मराठीत खेळ बनवलाय आम्ही. फुकट देऊन राह्यलो. उद्या चतुर्थी हाय, जल्दी टाकून द्या लोकांना." त्यानं हँडलच्या पिशवीतून एक कार्ड काढून दिलं, आपला नंबरही दिला.

खेळाचं नाव होतं बोलका उंदीर. पडद्यावर उंदीर बसलेला, पुढं मोदकांची ओळ. खेळणाऱ्यानं मोठ्यानं "मोरया" म्हणायचं. म्हटलं, की उंदीर टुणकन उडी मारायचा, मोदक उचलायचा आणि बारीक आवाजात म्हणायचा, "शाब्बास! अजून एकदा!" जितका आवाज मोठा तितकी उडी लांब.

तातेरावांनी आपल्या टॅबवर टाकला. खेळानं नाव विचारलं, मोबाइल नंबर विचारला, मग माइक वापरायची परवानगी मागितली. आवाजाचा खेळ, तर माइक लागणारच. त्यांनी होकार दाबला. पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात मोहरीएवढा हिरवा ठिपका उमटला. माइक चालू असल्याची खूण. ती बघून म्हातारा खुलला. इतक्या वर्षांनी कुणीतरी त्यांच्या धंद्याचा खेळ करून आणला होता! ते काउंटरमागं उभं राहून छाती भरून ओरडले, "मोरया!" आणि उंदरानं थेट पडद्याच्या टोकापर्यंत झेप घेतली. शेजारचा पेढेवाला भुजंग डोकावून बघू लागला. "तात्या, आज काय कंपनी आली काय गावात?"

दुसऱ्या दिवशी चतुर्थीला, आठ दिवसांचा नियम डबीतच ठेवून, त्यांनी नऊ टॅबांवर तो खेळ टाकला. नऊ जणांचे नंबर स्वतःच्या बोटानं भरले, नऊ वेळा माइकला होकार दिला.

नवव्या दिवशी दुपारी दैवशाला आली. पाच कोसांवरच्या वस्तीवरची. नवरा भागवत ट्रकवर ड्रायव्हर, महिना-महिना परराज्यात. घरी ती आणि तिची सात वर्षांची लेक. एरवी ही बाई दुकानात आली की आधी थट्टा करायची. आज तिनं पदराखालून टॅब काढला, काउंटरवर पालथा ठेवला आणि तोंडावर बोट धरून त्यांना बाहेर यायची खूण केली.

लिंबाखाली गेल्यावर ती कुजबुजली, "तात्या, सकाळी एक फोन आल्ता. नंबर वळखीचा न्हाई. माणूस हसला आन् म्हणला, 'मैना कधी विणार हाय?'"

"कोण मैना?"

"माझी शेळी."

तातेरावांना हसू आलं. "मंग कुणी वळखीचाच असंल, बाई. चेष्टा केली असंल."

"शेळी आणून चार दिस झाले, तात्या. नाव पोरीनं ठेवलं, घरात. वस्तीवर दुसरं घर न्हाई. कुणाला म्हाईत?" तिनं टपरीकडं वळून बघितलं. "मंग त्यानं इचारलं, 'भागवतराव अठरा तारखेलाच येणार ना? तवर दोघीच?' ते अठरा तारखेचं मी काल चुलीपुढं पोरीला सांगितलं. फकस्त पोरीला."

तातेराव आत गेले. टॅब सुलटा केला. खेळ बंद होता. उंदीर कुठंच नव्हता, पडद्यावर नुसतं पोरीनं लावलेलं फुलांचं चित्र. आणि वरच्या कोपऱ्यात मोहरीएवढा हिरवा ठिपका, शांतपणे पेटलेला.

त्यांनी स्वतःचा टॅब उघडला. तिथंही तो पेटलेला होता. नऊ दिवस तो त्यांच्या उशाशी होता.

विंगेतला माइक. फक्त आता एक विंग नव्हती, नऊ घरं होती. आणि ऐकणारा मांडवात दिसत नव्हता.

दोन्ही टॅबांवरून त्यांनी खेळ काढला. दैवशालेला सांगितलं, "अठरा तारखेपस्तोर पोरीला घेऊन माहेरी ऱ्हा. मैनेला पण ने." ती म्हणाली, "आन् माझ्या घरात जे बोलले ते? ते काढता येतं का, तात्या?" तातेरावांनी टपरीला कुलूप लावलं.

पोलिसांत जाऊन त्यांनी तक्रार लिहून दिली, मोटारसायकलवाल्याचं कार्ड जमा केलं. त्यानं दिलेला नंबर लागत नव्हता. गावातल्या तिघांचे टॅब घरी जाऊन साफ केले. उरलेले पाच कुणाचे? चेहरे आठवत होते. एकीच्या हातावरचं गोंदण, एका म्हाताऱ्याची काठी. पण गावं? नंबर खेळात भरले होते, वहीत नव्हते. ज्याच्याकडं ते नंबर होते, तो तातेरावांना सांगणार नव्हता.

एकच वाट होती. ते लोक चतुर्थीला येतात. पुढची चतुर्थी तीन आठवड्यांवर होती, आणि ती अंगारकी होती.

ते तीन आठवडे तातेराव घरात नीट बोलले नाहीत. बायको, बेबीनंदाबाई, वैतागून म्हणाली, "आता तर काढला ना तो उंदीर? मंग हातवारे कशाचे करून राह्यलात? मूकनाट्य हाय का?" ते उठायचे, बंद टॅबच्या कोपऱ्याकडं बघायचे, चार पावलं जाऊन पुन्हा बघायचे. त्यांना वाटे, या घटकेला कुठल्यातरी घरात सासू सुनेला बोलत असेल, कुणी दुखणं सांगत असेल, किल्ली कुठं ठेवली ते सांगत असेल. आणि फळीवर हिरवा ठिपका.

अंगारकीला राजूरच्या रस्त्यावर पाय ठेवायला जागा नव्हती. दुकानदारांनी दरवेळेप्रमाणं हरवल्या-सापडल्याच्या पुकाऱ्यासाठी मांडव घातला होता आणि दरवेळेप्रमाणं माइकवर तातेराव होते. कुणाचं लेकरू चुकलं, कुणाची पिशवी राहिली, ते याच आवाजात सांगितलं जाई. लोक त्या आवाजावर विसंबून लेकरांचा हात सोडत. मांडवाची व्यवस्था भुजंगकडं होती. तातेरावांनी काय बोलणार ते सांगितलं, तसा तो उडालाच.

"येड लागलं का, तात्या? अंगारकीच्या दिवशी, सोताच्या तोंडानं? उद्यापासनं तुझ्या काउंटरवर माशी बसणार न्हाई!"

"बसू दे न्हाईतर नको बसू दे."

"गुपचूप एकेकाला गाठ ना."

"गुपचूप ऐकणारा तिकडं बसलाय, भुजंगा. आपण मोठ्यानंच बोलू."

दिवा पेटला. तातेरावांनी घसा साफ केला.

"मायबाप हो. मी तातेराव माइकवाला. मागच्या चतुर्थीला माझ्या दुकानात ज्यांनी टॅबवर बोलका उंदीर टाकून घेतला, त्यांनी टॅब घेऊन मांडवात या. तो खेळ तुमच्या घरातलं बोलणं बाहेर नेतो. तुम्हाला फसवायचं माझ्या मनात नव्हतं. पण तुमच्या घरात माइक मी चालू ठेवला. चूक माझी हाय."

रस्त्यावर कुजबूज पसरली. कुणीतरी हसलं. तेच हसू. चाळीस वर्षांनी अगदी तेच. तातेराव जागचे हलले नाहीत.

दुपारपर्यंत चौघं आले. गोंदणवाली आली, तिनं मांडवातच त्यांना फैलावर घेतलं. काठीवाला म्हातारा आला आणि टॅब पुढं करून उभा राहिला. चारही टॅब साफ झाले. राहिला एक.

दोन वाजता तातेरावांच्या खिशातला फोन वाजला. अनोळखी नंबर.

"तात्या," पलीकडून तोच लोण्यासारखा आवाज. "तुमचा आवाज अजून छान येतो बरं का. घंटाही ऐकू येऊन राह्यली."

फोन बंद झाला. त्याला घंटा ऐकू येत होती. स्वतःच्या टॅबवरचा उंदीर त्यांनी केव्हाच काढला होता, बाकीचे आठही साफ होते. म्हणजे नववा इथंच होता. या गर्दीत, कुणाच्यातरी पिशवीत, जागा.

ते माइककडं वळले. आवाज तीस वर्षांपूर्वीचा निघाला.

"मायबाप हो! एकदा सगळ्यांनी मोठ्यानं मोरया म्हणा, आन् मंग माझ्यासाठी बिलकुल गप ऱ्हा. लेकराच्या तोंडावर हात ठेवा. बोला, गणपती बाप्पा..."

"मोरया!"

रस्ता हादरला. आणि मग तो आवाज विरला, आणि हजारो माणसं गप्प उभी राहिली. भुजंगनं हातातली वजनं हळूच खाली ठेवली.

दर्शनाच्या रांगेतून, कुठल्याशा कापडी पिशवीच्या तळातून, बारीक, लाडिक आवाज आला. "शाब्बास! अजून एकदा!"

रांगेतली माणसं बाजूला सरली. मध्ये गिरिजाबाई उभ्या होत्या, वडीगोद्रीकडच्या, सत्तरीच्या. पिशवी त्यांनी अंगापासून लांब धरली होती, आत जनावर असल्यासारखी. नातीनं येताना रिक्षात खेळ उघडला होता, तो तसाच राहिला होता. तातेरावांनी टॅब काढला तेव्हा उंदीर पडद्याच्या टोकाला बसून त्यांच्याकडं बघत होता. वर हिरवा ठिपका.

"काय बोलत व्हता रं हा आमच्या घरात?" गिरिजाबाईंनी विचारलं.

"बोलत नव्हता, आक्का. ऐकत व्हता."

त्यांनी खेळ काढला. ठिपका विझला. त्यांनी टॅब गिरिजाबाईंच्या हातात दिला, पुन्हा मागून घेतला, कोपरा परत बघितला. रांग पुढं सरकू लागली, घंटा वाजू लागली.

दैवशाला माहेराहून दर्शनाला आली होती. ती मांडवाच्या खांबाला टेकून हे सगळं बघत होती. म्हणाली, "नऊ झाले, तात्या. सपलं ना मंग?"

तातेरावांना तो इस्त्रीचा सदरा आठवला. मोटारसायकलच्या हँडलला अडकवलेली पिशवी आठवली. तिच्यात हात घालून त्यानं कार्ड काढलं होतं, तेव्हा आत कार्डांचा खुळखुळ आवाज झाला होता. मूठभर नव्हे, पिशवीभर. आणि राजूरहून तो भोकरदनच्या रस्त्याला लागला होता. त्या रस्त्यावर प्रत्येक गावात अशी एक टपरी आहे.

"बैस इथं," ते म्हणाले. "कोणकोणत्या गावची माणसं आलीत, बघून सांग मला."

खिशात फोन पुन्हा वाजू लागला. तातेरावांनी तो काढला नाही. त्यांनी माइकचा दिवा पेटलाय का ते बघितलं, एकदा, आणि परत एकदा.

"मायबाप हो," ते म्हणाले, "ज्यांनी माझ्या दुकानात न्हाई, दुसऱ्या कुठल्या दुकानात हा खेळ टाकून घेतला असंल..."