जलअपघटन आणि हळदीचं मटण

जलअपघटन हा शब्द मी दरवर्षी फळ्यावर लिहिते आणि दरवर्षी अर्धा वर्ग त्याचा अर्थ ‘पाण्यात विरघळणे’ असा लावतो. बारावीला रसायनशास्त्र शिकवायला लागून आता बरीच वर्षं झाली. अलिबाग तालुक्यातल्या मुलांना मी मिठागराचं उदाहरण देते, कारण ते त्यांच्या घरचं असतं. मीठ पाण्यात विरघळतं, ऊन लागलं की पाणी उडून जातं आणि मीठ पुन्हा हाताला येतं. काही तुटलं नाही, काही बिघडलं नाही. हे जलअपघटन नव्हे.

जलअपघटनात पाणी नुसतं भांड्यासारखं उभं राहत नाही, ते कामाला लागतं. दोन अणूंमधला बंध तुटतो तेव्हा पाण्याचा रेणूही फुटतो. त्याचा एक तुकडा या बाजूला चिकटतो, उरलेला त्या बाजूला. दोन्ही टोकं बंद होतात. आता पाणी आटवलं म्हणून पहिला पदार्थ परत मिळत नाही. बंध तुटला आणि तुटण्यात पाणी खर्ची पडलं, या दोन्ही गोष्टी असतील तरच हा शब्द वापरायचा. काच फुटली, लाकूड चिरलं, तिथे तो वापरायचा नाही. स्टाफरूममध्ये कुणाच्या घटस्फोटाबद्दल बोलताना एका सरांनी तो वापरला होता. मी त्यांना सांगितलं, त्यात पाणी कुठे आहे ते दाखवा.

हे सगळं मला माझ्या माहेरी, मांडवाच्या मागे, न पेटवलेल्या चुलाणाशेजारी उभं राहून समजावून सांगावं लागलं. ऐकणाऱ्यांपैकी कुणालाच परीक्षा द्यायची नव्हती.

माझ्या भावाच्या मुलीची हळद होती. आमच्याकडे हळदीला मटण असतं आणि ते भावकीच शिजवते. आमच्या भावकीत गेली कित्येक वर्षं ते एकाच माणसाच्या हातचं असतं. ते माझ्या वडिलांचे चुलतभाऊ, म्हणून मी त्यांना काका म्हणते. मिठागरावर आयुष्य गेलं, अंगाने काटक, बोलायला तिरके. हळद कुणाच्याही घरी असो, चुलाणाजवळची जागा त्यांची.

या वेळी ती जागा जायच्या बेतात होती. नवरीच्या भावाला, म्हणजे माझ्या भाच्याला, पेणचा केटरर हवा होता. घरात बरीच वादावादी झाली. शेवटी माझ्या भावाने तोडगा काढला की बहिणीच्या हळदीला काकाच. सगळं नीट झालं तर पुढेही काकाच, आणि काही बिघडलं तर पुढच्या वर्षी भाच्याच्या स्वतःच्या हळदीला केटरर. हे काकांच्या कानावर गेलं होतं. बोकड निवडायला ते स्वतः गेले.

एवढं करून बोकड जून निघाला. मटण कापतानाच ते कळलं. काकांनी आमच्या परसातली कच्ची पपई काढली, सालासकट वाटली आणि आलं-लसूण, हळद, मीठ घालून चारही टोपांतल्या मटणाला हाताने चोळली. तासभर ठेवायचं आणि चढवायचं, ही त्यांची नेहमीची रीत. ती बरोबरच आहे. पपईच्या चिकात पपेन नावाचं विकर, म्हणजे एन्झाइम, असतं. प्रथिनाची लांब साखळी नुसत्या पाण्यात पडून राहिली तर काही होत नाही, पण पपेन तिथे असेल तर तेच पाणी साखळीचे बंध भराभर तोडतं. जून मटण मऊ पडतं ते यामुळे. याला प्रथिनांचं जलअपघटन म्हणायचं. पोटात जेवण पचतं तेव्हाही हेच चालतं, तिथलं विकर तेवढं वेगळं.

तासभर झाला. लाकडं रचलेली होती, आणि नारळ अडला.

आमच्याकडे चुलाण पेटवण्यापूर्वी नारळ फोडतात आणि तो मान थोरल्या घरातल्या सर्वांत वडील माणसाचा. सध्या ते भाऊ. सगळी भावकी त्यांना भाऊच म्हणते. ते पनवेलला मुलाकडे राहतात. शुक्रवारची संध्याकाळ, मे महिना; मुंबईचे पर्यटक समुद्राकडे निघालेले आणि वडखळला गाड्यांची रांग लागलेली. भाऊंची गाडी त्या रांगेत होती. मागे एका घरी ते पोचायच्या आत दुसऱ्याने नारळ फोडला, तेव्हा ते पानावर न बसता परत गेले आणि त्या घराशी बोलणं सोडलं. माझी वहिनी हे विसरणारी नव्हती.

आणखी तासभर गेला. मी टोपावरचं झाकण उचलून एक तुकडा चेपला. अंगठा निम्मा आत गेला.

“काका, आता पेटवा,” मी म्हटलं. “उकळी आली की पपईचं काम थांबेल. नाहीतर सगळ्याचा लगदा होईल.”

“नारल फुटल्याबिगर?” काका म्हणाले. “तू कालेजात शिकव गो बाय. जेवडा मुरल तेवडा चांगला.”

“मसाला मुरतो तसं हे नाही. हे थांबत नाही. पपई आहे तोवर पाणी मटणाला तोडत राहणार.”

मांडवाच्या कडेला धवलारणी बसल्या होत्या. हळदीची गाणी म्हणणाऱ्या या बायका, चौघी मिळून बहुधा दहा दात. त्यांतल्या सर्वांत थोरलीने पान चघळणं थांबवलं.

“पानी तोडतंय म्हंतस?” ती म्हणाली. “जलम गेला आमचा मिठागरात, गुडघ्याएवड्या पान्यात उभ्या ऱ्हायलो. आमी कशा नाय तुटलो?”

बाकीच्या तिघी हसायला लागल्या.

“तुम्हाला पपई चोळली नव्हती, आजी.”

“चोलायची व्हती मंग! मऊ तरी झालो असतो. नवरा म्हनायचा, हिच्यात हाडंच हायेत.”

काकाही हसले, पण हात टोपात घालून त्यांनी स्वतः एक तुकडा चेपला. मग त्यांचं हसू गेलं. त्यांनी दुसऱ्या टोपातला तुकडा पाहिला, तिसऱ्यातला पाहिला आणि धोतराला हात पुसत माझ्याकडे बघितलं. भाचा पलीकडे खांबाला टेकून उभा होता.

“केटररकडे असला लोचा नसतो, आत्या,” तो म्हणाला. “गॅस पेटवला की विषय कट.”

वहिनीने भाऊंना फोन लावला आणि स्पीकर चालू केला. माझ्या भावाने जमेल तेवढ्या गोड आवाजात विचारलं, “भाऊ, तुम्हाला उशीर होतोय. तुमच्या नावाने दुसऱ्या कुणी नारळ फोडला तर?”

“कोन फोडतंय?” फोनमधून आवाज आला. “मी मेलो काय?”

फोन बंद झाला. वहिनी म्हणाली, “ऐकलंत ना सगळ्यांनी? आता कुणी काडीला हात लावू नका.”

पेटवता येत नसेल तर गार करायचं, एवढाच मार्ग होता. विकर गरमीत जोरात चालतं, थंडीत मंद पडतं. थांबत नाही, पण वेळ मिळतो. बर्फ कुठे आहे ते मला ठाऊक होतं. मांडवामागे भाच्याच्या मित्रांनी निळ्या पिंपात बर्फाच्या लाद्या टाकून बाटल्या ठेवल्या होत्या. मी बाटल्या बाहेर काढून ओळीने मातीवर ठेवल्या.

“आत्या! काय करतेस? सगळं गरम होईल ना!”

“होऊ दे. गरम पिऊन कुणी मरत नाही. लादी फोड.”

“कोल्ड्रिंक आहे ते.”

“असेल. लादी फोड.”

त्याने फोडली. बर्फ पिशव्यांत भरून मी तो मोठ्या परातींत रचला आणि त्यावर टोप ठेवायला सांगितले. काकांनी विरोध केला नाही. बर्फाने कुणाचा मान जात नव्हता. पण बर्फ दोनच टोपांना पुरला. कुठले दोन, हे मी काकांना विचारलं. त्यांनी पुन्हा चारही टोपांत हात घालून पाहिलं आणि ज्यांतलं मटण जास्त घट्ट होतं ते दोन पुढे केले. जे आधीच गेलं त्यावर बर्फ कशाला घालवायचा, असा हिशेब. मीही तोच केला असता.

भाऊ दिवेलागणीनंतर आले. गाडीतून उतरल्या उतरल्या रस्त्याला, सरकारला आणि मुलाच्या गाडी चालवण्याला शिव्या घातल्या, नारळ फोडला आणि खुर्चीत बसून म्हणाले, “अजून शिजला नाय? काय करत व्हतात सगली?”

काकांनी जाळ केला.

बर्फावरच्या दोन टोपांतलं मटण ठीक झालं. थोडं जास्त मऊ, पण फोड फोडीसारखी होती. उरलेल्या दोन टोपांत काकांनी कालथा घातलाच नाही, टोप दोन्ही कानांना धरून नुसता हलवला. तरी हाडं वर आली आणि मांस खाली बसलं. वाटण घालून ते दाट झालं, चवीला वाईट नव्हतं. पण त्याला मटणाचा रस्सा म्हणणं कठीण होतं. भाच्याने डोकावून पाहिलं.

पहिल्या पंगतीला भाऊ आणि पुरुष मंडळी. त्यांना चांगल्या टोपांतलं वाढलं. तरी भाऊंनी एक घास चावून विचारलं, “या बोकडाला दात आले व्हते का नाय?” बायकांच्या पंगतीपर्यंत चांगलं मटण संपत आलं. लगद्याचे टोप तसेच होते. काकांनी वाढणाऱ्यांच्या हातातून बादली घेतली, स्वतः धवलारणींच्या पानापाशी गेले आणि न विचारता वाढलं. मी मागे भाकऱ्या घेऊन होते.

चौघी खाली मान घालून जेवल्या. थोरलीने दुसऱ्यांदा वाढून घेतलं, मग तिसऱ्यांदा. एरवी त्या रस्साभाकरी खातात आणि फोडी शेजारच्या पानात टाकतात. त्या दिवशी पानात फक्त हाडं उरली.

“काय रं,” ती काकांना म्हणाली, “दात पडल्यावर शिकलास व्हय मटन कराला? आदी शिकाचा ना.”

“माजे हायेत अजून,” काका म्हणाले.

“तुजे नाय रं, माजे!”

तरी ठरलेलं काही बदललं नाही. निम्मं मटण बिघडलं होतं, हे सगळ्यांनी पाहिलं होतं आणि माझ्या भावाने दिलेला शब्द स्पष्ट होता. पुढच्या वर्षी भाच्याच्या हळदीला पेणचा केटरर आला. त्याने गॅसच्या शेगड्या मांडल्या, टोप्या घातलेली माणसं आणली. जेवण वेळेवर झालं आणि बरं होतं. भाऊंनी नारळ सकाळीच फोडला. ते आदल्या दिवशीच येऊन राहिले होते, कारण केटरर थांबणार नाही असं त्यांना सांगितलं होतं. ते त्यांनी मुकाट्याने मानलं. आपल्या भावकीसाठी त्यांनी हे कधी केलं नव्हतं.

पण धवलारणींनी वहिनीला आधीच कळवलं होतं की केटररचं मटण आम्हाला चावणार नाही. मग वहिनीनेच काकांना एक टोप करायला सांगितला. परसात तीन दगडांचं एक चुलाण, त्यावर एक टोप, चौघींपुरता आणि त्यांच्या वयाच्या आणखी काहींपुरता. मी गेले तेव्हा काका पपई वाटत होते. मटणाला अजून लावली नव्हती.

“नारल फुटला,” ते म्हणाले. “आता लावू? तुजा पानी किती वेलात तोडील?”

“चौघींसाठी? दोन तास राहू द्या. केटरर देतो तसं हवं असेल तर तास.”

“त्यांच्यासाठीच हाय.” त्यांनी पपई चोळली, टोपावर झाकण ठेवलं आणि शेजारी पाट टाकून बसले. मांडवात गॅसच्या शेगड्यांचा आवाज येत होता. मी मांडवाकडे निघून अर्ध्या वाटेवर पोचले होते, तेवढ्यात त्यांनी हाक मारून विचारलं, “उकली आली का थांबतंय ना नक्की?”

“थांबतं,” मी म्हटलं.

“मंग जा तू. जेवून घे तिथं. गरम हाय तवर.”