टाचेवरचा पिवळा बाण

केशरबाई हिंगोलीकडच्या गोरेगावच्या बाजारात यायची ती लोकांच्या पायांकडे बघत. भाजीच्या पालांमधून, जीपगाड्यांच्या रांगेमधून ती मान खाली घालून चालायची, आणि कुणाच्या पायात जाड तळव्याचे काळे बूट दिसले की त्या माणसाच्या मागे जाऊन उभी राहायची. माणसे ओशाळायची. एकदा एका जीपवाल्याने विचारले, "मावशे, काही हरवलं का?"

"व्हय," ती म्हणाली, त्याच्या टाचा नीट बघितल्या आणि पुढे गेली.

टाचेवर छोटा पिवळा बाण आहे का, एवढेच तिला बघायचे असे.

केशरबाई ओढ्यापलीकडच्या तांड्यावर राहते. नवरा जाऊन बरीच वर्षे झाली. मुलगा प्रेमसिंग टेम्पो चालवतो. मुलगी मिना माझ्या शाळेत सातवीपर्यंत होती. अभ्यासात बेताची, पण फाटलेल्या पुस्तकांना दोऱ्याने असे काही शिवून आणायची की बाकीची मुले मुद्दाम आपली पुस्तके फाडत.

तो हात आईचा होता. केशरबाईसारखे भरतकाम आता तांड्यावर कुणी करत नाही. आरसे, कवड्या, लाल-निळा दोरा. लग्नातल्या पिशव्या, रुमाल, काचोळ्या तिच्याकडूनच जायच्या. कुठलीही वस्तू हातात आली की ती आधी उलटी करून बघायची. मी एकदा कारण विचारले, तर म्हणाली, "वरून समद्यांचं सारखंच दिसतं, बाई. हात मागच्या अंगाला कळतो." आणि खरेच, दूरच्या तांड्यावरून आलेली पिशवी उलटी करून ती सांगे, ही अमकीच्या हातची, ती दोरा फार वढती. ही तमकीची, तिची नजर गेली आता. मी तरी तिला चुकलेले पाहिले नाही.

मिनाचा हातही तिला असाच ओळखू यायचा. मिनाला एक खोड होती. ओळ संपली की ती एक टाका उलटा मागे घ्यायची आणि मगच दोरा तोडायची. त्याने मागे बारीकसा गोळा दिसायचा. केशरबाई चिडायची.

"काहून गं? तुझा तुझ्या दोऱ्यावर इश्वास न्हाई का?"

"निसटून जातं याडी, म्हणून." आईला ती तांड्याच्या बोलीत याडी म्हणायची.

"आमचं कवा निसटलं?"

पोरीने खोड सोडली नाही.

बारावीनंतर हिंगोलीच्या प्रशिक्षण केंद्रात मिना शिलाई मशीन शिकली आणि तिथूनच मुलींच्या एका तुकडीबरोबर थेट चेन्नईच्या बाजूला कंपनीत लागली. ती कंपनी कामगारांचे बूट बनवायची. पुढे लोखंडी वाटी असलेले, खिळा घुसू नये असल्या तळव्याचे. मिनाने मला फोनवर सगळे सांगितले होते. आईने मात्र तांड्यावर सांगितले की पोरगी बॅगा शिवते.

त्याला कारण होते. चामड्याला हात लावणे म्हणजे एका विशिष्ट समाजाचेच काम, हे आमच्याकडे अजून लोकांच्या डोक्यातून गेलेले नाही. पायात घालायला बूट सगळ्यांना हवेत. तेव्हा मिनाला स्थळ बघणे चालू होते, आणि केशरबाईला लोकांत चर्चा नको होती.

मिना दिवाळीत आली होती तेव्हाची गोष्ट. मायलेकी बाजार करून अमृतरावांच्या हॉटेलासमोर जीपची वाट बघत होत्या. मीही तिथेच बाकावर होते. विजेच्या लाईनवर कंत्राटी काम करणारा प्रज्ञेश नुकताच खांबावरून उतरून चहाला आला होता. त्याला ठेकेदाराने नवे बूट दिले होते. ग्रामपंचायतीतून निवृत्त झालेले कारकून विष्णुपंत चष्मा सरसावून ते बूट बघत होते.

"हा माल जर्मनीचा," पंतांनी निकाल दिला. "आत बघ, इंग्रजीत लिहिलंय. असली शिलाई आपल्याकडे होत नाही."

"इंग्रजी तर माझ्या बिस्किटाच्या पुड्यावर पण हाय, पंत," अमृतराव चहा गाळता गाळता म्हणाले. "ती काय जर्मनीहून येतेत?"

"मग तू सांग, कुठं करतात?"

"कुठं का करंनात. साच्यात वततेत. बादल्या करतेत ना, तसं. इकडून लगदा टाकायचा, तिकडून धपकन जोडी पडती. माणसाचा हात लागतच न्हाई."

"काका, वतलेला असता तर मागच्या बुटात शिवणीतून पाणी शिरलं नसतं," प्रज्ञेश म्हणाला. "माझ्या मोज्यांना विचारा."

मिना खळखळून हसली. "ओ काका, जर्मनी न्हाई की लगदा न्हाई. आमी पोरीच शिव..."

केशरबाईने तिचा दंड धरून मागे ओढले. "बॅगाच्या कंपनीत हाय ती," ती सगळ्यांना ऐकू जाईल असे म्हणाली. "बॅगा शिवती."

मिनाने तोंड फिरवले. पण ती जास्त वेळ रुसून बसणारी पोर नव्हती. जीपमध्ये चढताना आईच्या कानाला लागून म्हणाली, पण मला ऐकू आले, "बरं, बॅगा तर बॅगा. पण कुणाच्या टाचेवर पिवळा बाण दिसला ना याडी, तर समजायचं, मिनानं शिवला."

केशरबाईने तिला चापट मारली, आणि दोघी हसल्या.

पुढच्या पावसाळ्यात मिनाला तिकडे ताप आला. मैत्रिणींनी दवाखान्यात नेले. दवाखान्याने जमेल ते केले, पण ताप डोक्यात गेला. प्रेमसिंग पोहोचला तोवर सगळे संपले होते. इतक्या लांबून आणणे शक्य नव्हते, म्हणून शेवटचे विधीही तिकडेच झाले. लहानपणी शिवलेली आरशांची झोळी मिना कायम जवळ बाळगायची, ती त्याने तिच्याबरोबरच ठेवली. त्याला ते बरोबर वाटले, आणि बरोबरच होते. पण त्यामुळे घरी आईजवळ मिनाच्या हातचे काही उरले नाही. बाकीचे सगळे केशरबाईने कधीच लोकांच्या लग्नात देऊन टाकले होते.

मी भेटायला गेले तेव्हा ती रडत नव्हती. म्हणाली, "बाई, मी तिला मेलेलं बघितलं न्हाई. काय बघू मी? फोटोत ती कंपनीच्या गेटापाशी उभी हाय. फोटोत हात थोडाच दिसतो?"

मग काही दिवसांनी ती लोकांचे पाय बघू लागली.

मला कळले तेव्हा मी विचारले. तिने सरळ सांगितले. "एक बूट सापडू द्या. उलटा करून बघते. तिचा टाका मला ठाव हाय. गोळा हाताला लागंन."

मशीनच्या टाक्यात हात दिसत नाही, असे म्हणता आले असते. पण मला तरी कुठे पक्के ठाऊक होते? मी वर्गात कधी बूट शिवून पाहिला नव्हता.

ती सिद्धेश्वरच्या धरणावर गेली, कारण तिथे दुरुस्तीचे कामगार आले आहेत असे कुणी सांगितले होते. त्यांच्या पायात प्लास्टिकचे गमबूट निघाले. जवळा बाजार गावात कापसाच्या जिनिंगच्या फाटकाबाहेर दिवसभर बसली. तिथले हमाल सपाता घालून काम करत होते. एकाने हटकले, "ए बाई, तोंडाकडं बघ की, पायाकडं काय बघून राहिलीस?" ती म्हणाली, "तुझ्या तोंडात काय हाय माझं?" हे तिनेच मला सांगितले, आणि सांगताना तिला थोडे हसू आले. त्या वर्षात मी पाहिलेले तिचे ते एकच हसू.

तिने एका माणसाला विचारले नव्हते, तो म्हणजे प्रज्ञेश. त्याच्या बुटांना पिवळा बाण आहे हे तिला दिवाळीपासून माहीत होते. मी म्हटले, "अगं, मग प्रज्ञेशलाच विचार ना."

"इचारते," ती म्हणाली, आणि विचारले नाही. आता वाटते, तिला तो शेवटला राखून ठेवायचा होता. तिथेही नाही निघाले तर मग बघायला काही उरले नसते.

थंडी सरत आली तेव्हा आरोही आली. ही जवळा बाजारची मुलगी, मिनाच्या खोलीत राहणारी, कंपनीत तिच्याच रांगेत काम करणारी. मिनाची पेटी घेऊन ती आली होती. केशरबाईने पेटी उघडली नाही. आरोहीला पाणी दिले, माझ्याकडे घेऊन आली आणि आम्हा दोघींना घेऊन थेट अमृतरावांच्या हॉटेलात गेली. दुपारची वेळ होती, प्रज्ञेश जेवायला बसला होता. विष्णुपंत पेपर वाचत होते.

"बाबा, तुझा बूट दे," केशरबाई म्हणाली.

प्रज्ञेशने तिच्याकडे पाहिले. बाजारात ती लोकांचे पाय बघत फिरते हे सगळ्यांना ठाऊक झाले होते. त्याने हात धुतला, उजवा बूट काढला, तिच्या पदराला माती लागू नये म्हणून फडक्याने पुसला आणि दिला.

तिने तो उलटा केला. आत हात घातला. बराच वेळ बोटांनी चाचपडत राहिली. आत सगळीकडे अस्तर होते, शिवण कुठेच उघडी नव्हती. बुटाला मागची बाजूच नव्हती.

"मिना यातलं काय शिवायची?" तिने आरोहीला विचारले.

आरोही सांगू लागली. एकटी मुलगी बूट शिवत नाही. कुणी चामडे कापते, कुणी त्याच्या कडा पातळ करते, कुणी जिभेची शिवण घेते. आमच्या बाजूच्या, बिहारच्या, ओडिशाच्या मुली रांगेने बसतात आणि तुकडा हातातून हातात पुढे जातो. मग तो पायाच्या आकाराच्या ठोकळ्यावर ताणून बसवतात आणि शेवटी खालचा तळवा साच्यात ओततात.

"वततेतच की!" अमृतरावांच्या तोंडून निघून गेले, आणि ते लगेच चहाच्या भांड्याकडे वळले.

"मिना घोट्याची गादी शिवायची, मावशी," आरोही म्हणाली. "ही वरची मऊ कड. पाय घासू नये म्हणून असते. तिचा टाका आतल्या अंगाला राहतो. अस्तराखाली. बाहेरून न्हाई दिसत."

केशरबाईने प्रज्ञेशकडे पाहिले.

"उसवा," तो म्हणाला.

तिने कमरेच्या पिशवीतून सुई काढली आणि घोट्याच्या कडेची शिवण टोकाने एकेक करत उचलली. कापले कुठेच नाही. पंतांनी पेपर खाली ठेवला. अस्तर सुटले, आत पिवळट फोम दिसला, आणि त्याखाली काळ्या दोऱ्याची ओळ. केशरबाईने अंगठा त्या ओळीवरून शेवटापर्यंत नेला, आणि तिचा चेहरा एकदम उजळला.

"हाय! गोळा हाय! बघा बाई, मागं घेतलाय टाका."

मी हात लावला. खरेच, ओळीच्या शेवटी बारीक जाड भाग होता.

आरोही रडायला लागली. केशरबाईला वाटले, आनंदाने. तिने तिच्या पाठीवरून हात फिरवला. मग आरोही म्हणाली, "मावशी, तसं समद्याच करतेत. मशीनवर शेवटी मागं घ्यायचंच असतं. पहिल्या दिवशी तेच शिकवतेत. मी पण तसंच करते. मिना म्हणायची, हे तर मला घरूनच येतं."

केशरबाईने अंगठा पुन्हा फिरवला. मग दुसऱ्या बाजूची ओळ बघितली, तिथेही तसाच गोळा होता. तिने डोळे मिटले आणि पुन्हा चाचपले, बियाण्याचे दाणे पारखतात तसे. जिला परक्या तांड्यावरच्या बायकांचे हात ओळखू येत, ती आपल्या पोरीचा हात शोधत होती, आणि तिथे रांगेतल्या साऱ्या पोरींचा मिळून एकच हात होता.

"तिचा असंन," ती म्हणाली. मग थोड्या वेळाने, "नसंन बी."

प्रज्ञेशचा फोन वाजला. बामणवाडीच्या बाजूला तार तुटली होती, त्याला जायचे होते. "ऱ्हाऊ द्या मावशी," तो म्हणाला, "मी चिकटपट्टी लावतो."

"बस," केशरबाई म्हणाली. "तकलीफ व्हईल पायाला."

तिच्या पिशवीत भरतकामाचा लाल दोराच होता. तिने तो दुहेरी ओवला, मेण लावले आणि कंपनीच्या जुन्या भोकांतूनच अस्तर परत शिवत आणले. जाड कडेतून सुई निघेना तेव्हा दाताने ओढली. शिवण पुरी झाली. दोरा तोडायला तिने तोंडाशी नेला आणि थांबली. मग सुई पुन्हा आत घातली, एक टाका उलटा मागे घेतला, आणि मग दोरा तोडला. आयुष्यभर ज्यासाठी तिने पोरीला बोलून घेतले, तो गोळा तिच्याच अंगठ्याखाली आला. तिने तो दाबून धरला.

विष्णुपंतांना राहवले नाही. शांतता त्यांना सोसत नाही. ते हळूच म्हणाले, "छान बसवलंस, केशर. मुळात परदेशी माल, म्हणून इतका टिकतो."

"न्हाई पंत," केशरबाई म्हणाली. बाजार भरलेला होता, शेजारच्या पालावर तांड्यावरच्या बायका उभ्या होत्या, आणि तिने आवाज खाली घेतला नाही. "माझी मिना बूट शिवायची. बॅगा न्हाई. बूट शिवायची ती." मग बूट प्रज्ञेशच्या हातात देत म्हणाली, "कोणता शिवला, ते मातर मला ओळखू आलं न्हाई."

प्रज्ञेशने बूट घातला, नाडी बांधली आणि जपून पाय टाकत मोटारसायकलकडे गेला.