चिठ्ठी नसलेलं बक्कल

पुरातत्त्व खात्यात त्यांनी एकतीस वर्षं माती चाळली. म्हणून सगळे त्यांना चाळणीकाका म्हणत. नव्या विद्यार्थ्यांसाठी त्यांचा पहिला धडा ठरलेला असे. "बाबांनो, वस्तू बोलत नाही, तिची जागा बोलते. चिठ्ठी न लावता उचललीत, की झाली ती मुकी." एकदा कुणी साधा मणी खिशात टाकला, तर काकांनी त्याला असा फैलावर घेतला की बिचारा आठवडाभर जेवायलाही लांब बसत होता.

बंद पडलेल्या चुनाभट्टीमागे माणसांची हाडं निघाली, तेव्हा पोलिसांनी खात्याला बोलावलं. फावड्याने उकरलेलं कोर्टात टिकत नाही. थराथराने खणावं लागतं. खात्याच्या प्रमुख मॅडमनी आधीच विचारलं, "घरातलं कुणी बेपत्ता असेल त्याने यायचं नाही. कुणी आहे?"

काका गप्प राहिले. त्यांचा थोरला भाऊ बावीस वर्षांपूर्वी त्याच भट्टीवर कामाला जातो म्हणून गेला, तो गेलाच. वहिनी अजून त्याच्या वाटणीची चादर धुऊन घडी घालून ठेवत होती. एकदा काय ते कळू दे, एवढंच तिचं मागणं.

खड्ड्यात दोन सांगाडे शेजारी शेजारी होते, पूर्वेला एक, पश्चिमेला एक. प्रत्येक घमेल्यावर जागेची चिठ्ठी असे. तिसऱ्या दिवशी चाळणीत एक बक्कल उरलं. काट्याच्या जागी तांब्याची तार होती. ती तार काकांनीच भावाला पकडीने वळवून दिली होती. त्यांना रडू आलं नाही, काहीच आलं नाही. पोलिसांआधी वहिनीला दाखवावं, एवढाच विचार मनात आला आणि बक्कल खिशात गेलं. भानावर आले तेव्हा समोर दोन रिकामी घमेली होती आणि दोन्ही चिठ्ठ्या पायाखालच्या मातीत पडल्या होत्या.

आठ दिवस बक्कल खिशातच राहिलं. वहिनी वाढायची, ते जेवायचे. "भावोजी, मीठ विसरलेय मी आज. बोललाही नाहीत?" ती म्हणाली. त्यांना चवच कळली नव्हती.

नवव्या दिवशी प्रयोगशाळेचं पत्र आलं.

"चुन्याने हाडांत ओळख पटण्यासारखं काही शिल्लक ठेवलेलं नाही," मॅडम म्हणाल्या. "दोघेही पुरुष, चाळिशीतले, उंचीसुद्धा सारखी. एखादी वस्तू तरी सापडायला हवी होती."

काकांनी बक्कल टेबलावर ठेवलं आणि सगळं सांगितलं.

मॅडमनी बक्कल उलटून पाहिलं. मग म्हणाल्या, "पूर्वेचं की पश्चिमेचं?"

"पूर्वेचं असावं."

"असावं?"

"नक्की नाही."

"काका, तुम्ही? अहो, दुसऱ्या कुणी केलं असतं तर तुम्हीच त्याला सोलून काढला असता." त्यांनी पेन उचललं. "काय लिहू?"

"जागा अनिश्चित, असं लिहा," काका म्हणाले.

घरी येऊन त्यांनी चप्पल काढली, पाय धुतले आणि वहिनीला सांगितलं.

"म्हणजे तिथे आहेत ते?"

"दोघांतले एक. कोणते ते माझ्यामुळे कळणार नाही."

वहिनी पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिली. "बावीस वर्षं एकाचा पत्ता नव्हता, आता दोन झाले," ती म्हणाली. ती हसली की काय, हे काकांना कळलं नाही. "तुम्ही तर काम चोख करता म्हणून मिरवायचात हो."

"हो," ते म्हणाले.

मॅडमनी परवानगी काढून दिली, तेव्हा ते तिला खात्याच्या कोठीत घेऊन गेले. फडताळात दोन सारख्या पेट्या, एकीवर पूर्व, दुसरीवर पश्चिम. काकांनी तिच्यासाठी स्टूल आणलं. नकळत ते पूर्वेच्या पेटीसमोर ठेवू लागले आणि थांबले.

वहिनीने त्यांच्या हातातून स्टूल घेतलं, दोन्ही पेट्यांच्या बरोबर मध्ये ठेवलं आणि पिशवीतून घडी घातलेली चादर काढून मांडीवर घेऊन बसली.