बंदुकीला पाय

अमेरिकेतल्या नोव्हाय गावात, शिकारीचं सामान विकणाऱ्या एका दुकानात हातमोजे घ्यायला गेलो होतो. काउंटरवर सत्तरीचे एक गोरे आजोबा आपल्या शिकारीच्या रिकाम्या रायफलला दोन पायांचा स्टँड बसवत होते. हात इतके थरथरत होते, की स्क्रू दोनदा खाली पडला. मी उचलून दिला आणि विचारलं, "मी लावून देऊ का?"

"नको, नको," ते हसून म्हणाले. "बायकोची अट आहे. स्वतः बसवता आला, तरच यंदा हरणाच्या शिकारीला जायचं."

मग आमची सगळी रांगच श्वास रोखून उभी राहिली. जीभ दातांत धरून त्यांनी शेवटचा आटा पिळला आणि हात सोडले. रायफल ठाम उभी! आम्ही टाळ्या वाजवल्या. इतका खूश माणूस मी कित्येक दिवसांत पाहिला नव्हता. त्यांनी तिथूनच बायकोला फोन लावला, "माझा थर्मास शोधून ठेव!"