दिव्याचा धवला

पनवेलच्या खाडीकाठी मिठागरांची गावं बरीच, पण लग्न म्हटलं की सगळ्यांच्या तोंडी नाव एकच, गुणाबाई धवलारीण. आगऱ्यांच्या लग्नात धवलारणीनं गायलेला धवला म्हणजेच मंत्र. गाणी जुनी, पण त्यांत नावं त्या त्या नवरा-नवरीची गुंफायची. त्यात गुणाबाईचा हात धरणारं कोणी नव्हतं, आणि हे तिला स्वतःला जरा जास्तच ठाऊक होतं.

अशी ही बाई सत्तावन्न सालच्या उन्हाळ्यात हवालदिल झाली. वेणूचं लग्न जगनशी ठरलं होतं. वेणू म्हणजे गोदूबाईची नात आणि गोदूबाई म्हणजे गुणाबाईची गुरू. म्हातारीनं मरताना बजावलं होतं, "माज्या वेणूच्या हलदीला दिव्याचा धवला झालाच पायजे. इसरू नको गो." आणि नेमका तोच विसरला! सबंध धवला तिनं एकदाच ऐकला होता, स्वतःच्या हळदीला, गोदूबाईच्या तोंडून.

तेवढ्यात बातमी आली, बंदराजवळ दिनानाथनं यंत्र मांडलंय. हा गडी लष्करात बिनतारी यंत्रं दुरुस्त करायचा. आता म्हणे कपाळाला तांब्याच्या वाट्या लावल्या की गेलेला दिवस पुन्हा जगता येतो! मागून ओळी झेलणाऱ्या मालूला गुणाबाईनं ओढतच तिथं नेलं.

"बाई, आधी ऐका," दिनानाथ म्हणाला. "यंत्रातून पाहिलेली आठवण पक्की बसते. मग तिच्यातलं काही म्हणजे काही हलत नाही. धोका त्यातच आहे."

"पक्की? अरं, मंग त बराच हाय! लाव वाट्या!"

आणि काय सांगावं! डोळे मिटले तो समोर मांडवच. हळदीचा वास, पाटावर तिचा तुळशीराम, कानात हळद गेलेला, लाजून मान वर न करणारा. आणि गोदूबाईचा तो खणखणीत आवाज! डोळे उघडले तेव्हा गुणाबाई हसतही होती आणि रडतही होती. तुळशीरामला जाऊन बरीच वर्षं झाली होती.

धवला सगळा जिभेवर! घरी पोचेपर्यंत धीर कुठला, रस्त्यातच सूर लावला.

"मांडवाचे दारी दिवा गो कोनी लावीला?
तुळशीराम नवऱ्यानं गुणा नवरीला."

मालू जागीच थांबली. "बाय, नवऱ्याचा नाव घेतलास!"

उभ्या संसारात तिनं ते घेतलं नव्हतं, शेजारणींनी कितीही छेडलं तरी. गुणाबाई चपापली. पुन्हा गायली, पुन्हा तुळशीराम. जगन आणि वेणू म्हणायला तोंड उघडावं, तर बाहेर पडतात तुळशीराम आणि गुणा. आठवणीच्या पाण्याचं मीठ झालं होतं. तशीच ती धावत यंत्राकडे परतली.

"ह्यो पुसून टाक!"

दिनानाथनं मान खाली घातली. "पुसायचं यंत्र मला बनवता येत नाही, बाई."

हळदीच्या पाटावर बसलेल्या पोराला मेलेल्या माणसाचं नाव! असलं अभद्र वेणूच्या मांडवात ती कसं करील? आणि गायचंच नाही, तर म्हातारीला दिलेला शब्द गेला. वाट एकच उरत होती आणि ती तिला मुळीच आवडत नव्हती. त्या दिवशी ती मालूवर उगाचच दोनदा खेकसली. मग म्हणाली, "बस हितं. शिक. म्होरं तू बोलायचास."

"मी? आनि तू कंय बसशील?"

"तुज्या मागं. आता नरडा मोकला कर."

हळदीचा दिवस उजाडला. पुढं मालू, मागं गुणाबाई. बायका कुजबुजल्या, कोणी तोंडावरच विचारलं, गुणाबाईनं लक्ष दिलं नाही. मालूचा आवाज पहिल्या ओळीला लटपटला, दुसरीला सावरला आणि तिसरीला असा चढला की गुणाबाईच्या अंगावर शहारा आला. जगन नवऱ्यानं, वेणू नवरीला! मांडव नुसता दणाणला. मालूची ओळ संपली की गुणाबाई ती झेलायची आणि नावं आली की पदर तोंडाला लावायची. बायकांना वाटलं, गुणाबाईला गुरूच्या आठवणीनं भरून आलं असेल.

पदराआड ती काय म्हणते ते फक्त मालूला ऐकू येत होतं. तो जिवंत असताना एकदाही न घेतलेलं नाव गुणाबाई प्रत्येक कडव्याला घेत होती, आणि धवला संपूच नये असं तिला वाटत होतं.